रोसेलिनीची शाळा

पलंगावर एक माणूस मरणपंथाला लागला आहे. फ्रान्सचा सर्वशक्तिमान मंत्री, कार्डिनल माझारँ. वैद्य येतात. त्याच्या अंगावरचा घाम हुंगतात. मग पलंगाखालचं लघवीचं भांडं मागवतात आणि तेही तितक्याच गांभीर्यानं नाकाशी नेतात. आपसात खल होतो आणि शीर सोडून रक्त काढायचं ठरतं. कुणी हंबरडा फोडत नाही, संगीत दाटून येत नाही, कॅमेऱ्याला कसलीही घाई नाही. 1661 साली एका श्रीमंत, बलाढ्य माणसावर उपचार कसे व्हायचे, हे आपण नुसतं बघत राहतो. बघता बघता लक्षात येतं की आपण श्वास रोखून बसलो आहोत.

हा प्रसंग ज्या चित्रपटात आहे तो लुई चौदाव्यानं सत्ता आपल्या हाती कशी घेतली, याबद्दलचा. 1966 मध्ये तो फ्रेंच दूरचित्रवाणीसाठी तयार झाला आणि त्याचा दिग्दर्शक होता रोबेर्तो रोसेलिनी. युद्धाच्या राखेतून ‘रोम, ओपन सिटी’ उभा करणारा, इटालियन नववास्तववादाचा, म्हणजे खऱ्या जागी साध्या माणसांचं जगणं दाखवणाऱ्या सिनेमाचा, बाप मानला गेलेला माणूस. 1945 ते 1948 या तीन-चार वर्षांत त्यानं जे तीन युद्धपट केले, तेवढ्यांवरच त्याचं नाव चित्रपटाच्या इतिहासात कायम राहिलं असतं. पण त्याच माणसानं 1960 च्या दशकाच्या सुरुवातीला जाहीर करून टाकलं की सिनेमा संपला आहे आणि यापुढे आपण दूरचित्रवाणीसाठी काम करणार. उरलेलं आयुष्य त्यानं जवळजवळ सगळं त्यातच घातलं.

मी शाळेत इतिहास शिकवते. त्यामुळे रोसेलिनीच्या या दुसऱ्या आयुष्याकडे मी चित्रपटरसिकाच्या नजरेनं पाहूच शकत नाही, आणि तसा प्रयत्नही करत नाही. वर्गात तहाची कलमं फळ्यावर लिहून झाली की मुलं विचारतात, “बाई, ते दात कशानं घासायचे?” “गडावर पाणी कुठून यायचं?” “पत्र पोचायला किती दिवस लागायचे?” पाठ्यपुस्तकात या प्रश्नांना जागा नसते. रोसेलिनीच्या दूरचित्रवाणीवरच्या कामाचा पायाच मुळी हे प्रश्न आहेत. म्हणून तो मला माझ्या धंद्यातला माणूस वाटतो.

त्यानं सिनेमा का सोडला याची सोपी उत्तरं पुष्कळ आहेत. चित्रपट चालत नव्हते, पैशांची ओढाताण होती, अभिनेत्री इन्ग्रिड बर्गमनबरोबरच्या लग्नानं आणि नंतरच्या ताटातुटीनं वर्तमानपत्रांना भरपूर खाद्य पुरवलं होतं. हे सगळं खरं आहे. पण बदलाची बीजं त्याआधीची आहेत, आणि त्यातलं एक आपल्याकडे रुजलेलं आहे. 1956 च्या अखेरीला तो भारतात आला आणि 1957 मधले बरेच महिने इथे फिरत राहिला. त्या मुक्कामाची आठवण आपल्याकडे निघते ती त्यातल्या प्रेमप्रकरणामुळे, आणि मला त्याचं फार वाईट वाटतं. कारण या प्रवासातून त्यानं चार कथांचा एक चित्रपट केला, आणि त्याशिवाय इटालियन दूरचित्रवाणीसाठी दहा भागांची मालिकाही केली. 1959 मध्ये ती दाखवली गेली. तिची रचना अगदी साधी होती. रोसेलिनी स्टुडिओत बसून पत्रकाराशी बोलतोय, पडद्यावर त्यानं टिपलेला भारत सरकतोय. गालिचा अंथरून बसलेल्या प्रवाशानं गावकऱ्यांना परमुलखाच्या गोष्टी सांगाव्यात, तसं.

चित्रपटातली हिराकूडची कथा मी पुन्हा पुन्हा पाहते. पूर्व बंगालमधून आलेला एक निर्वासित कामगार. धरण बांधून पुरं झालंय, आता त्याला दुसऱ्या कामावर जायचंय. निघण्याआधी तो त्या अवाढव्य बांधकामावरून एकटा फिरतो. कथा म्हणावी तर एवढीच. पण त्याच्या पावलांबरोबर आपण धरण पाहतो, ते किती माणसांनी कसं उचललं ते पाहतो, पाण्याखाली काय गेलं तेही जाणवतं. नंतरच्या वीस वर्षांत रोसेलिनी जे करणार होता ते इथे आधीच सापडतं. एखादं काम नीट, सावकाश दाखवलं तर त्यातूनच काळ समजतो, हा त्याचा विश्वास इथे दिसतो.

1958 मध्ये समीक्षक आंद्रे बाझाँ यानं रोसेलिनी आणि फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रन्वार या दोघांशी दूरचित्रवाणीबद्दल एक लांबलचक संवाद केला होता. त्यातलं रोसेलिनीचं म्हणणं मला आजही ताजं वाटतं. चित्रपटगृहात समोर जमाव असतो, घरातल्या पडद्यासमोर मात्र दोन-चार माणसं असतात. म्हणजे दूरचित्रवाणी लाखोंपर्यंत पोचत असली तरी बोलते एकेकट्याशी. अशा माध्यमात ओरडायची, भुरळ घालायची गरजच नाही, शांतपणे समजावून सांगता येतं. ज्या काळात बुद्धिमंतांना ते खोकं म्हणजे संस्कृतीचा अंत वाटत होता, त्या काळात हा माणूस त्यात वर्गखोली पाहत होता.

इटलीत त्याला तसं वाटायला कारणही होतं. तिथे नियमित दूरचित्रवाणी सुरू झाली 3 जानेवारी 1954 रोजी, आणि ती होती ‘राय’ या सरकारी संस्थेच्या हाती. गावागावात पिढ्यानपिढ्या निरक्षर असलेली माणसं होती. 1960 ते 1968 या काळात अल्बेर्तो मांझी नावाचा शिक्षक पडद्यावर यायचा आणि प्रौढांना लिहा-वाचायला शिकवायचा. मोठ्या कागदावर कोळशानं भराभर चित्र काढायचा, मग त्या चित्रातून अक्षर बाहेर यायचं. त्याच्या कार्यक्रमाच्या नावाचा अर्थ ‘उशीर कधीच झालेला नसतो’ असा होता. साधारण 14-15 लाख लोकांनी त्यातून प्राथमिक शाळेचा दाखला मिळवला असं सांगतात. मांझीच्या त्या कोळशाच्या चित्रांबद्दल वाचताना माझ्यातल्या शिक्षिकेला भरून येतं.

रोसेलिनीचा प्रश्न मांझीच्या पुढचा होता. अक्षर आलं, आता त्या माणसाला काय द्यायचं? त्याचं उत्तर होतं, माणसाची सगळी कमाई. लोखंडापासून सुरुवात झाली. 1965 मध्ये इटालियन पडद्यावर आलेल्या पाच भागांच्या मालिकेत लोखंड वितळवणाऱ्या प्राचीन एट्रुस्कन लोकांपासून आधुनिक पोलाद कारखान्यांपर्यंतचा प्रवास होता. पुढे माणसाच्या जगण्याच्या धडपडीवर बारा भागांची मालिका आली. या दोन्हींचं प्रत्यक्ष दिग्दर्शन त्याचा मुलगा रेन्झो याचं, आखणी बापाची. मग सॉक्रेटिस, फ्रेंच गणिती पास्कल, संत ऑगस्टिन, फ्लॉरेन्सचा सावकार कोझिमो दे मेदिची, फ्रेंच तत्त्वज्ञ देकार्त यांच्यावरचे चित्रपट. दर वर्षाला एक-दोन या वेगानं. खर्चाची ताकद मुळातच कमी, म्हणून त्यानं युक्त्या शोधल्या. खऱ्या जागेसमोर तिरका आरसा लावून त्यात लहानशा प्रतिकृतीचं प्रतिबिंब पकडायचं, म्हणजे न बांधताच प्राचीन नगर उभं राहतं. झूम भिंगाला दूरनियंत्रण जोडून तो ते स्वतः चालवायचा. कॅमेरा न हलवता, दृश्य न तोडता, बोलणाऱ्या माणसापासून त्याच्या हातातल्या वस्तूपर्यंत आणि परत, अशी नजर फिरवता यायची. वर्गात आपण बोट दाखवतो तशी.

लुईच्या भूमिकेसाठी त्यानं निवडलेला ज्याँ-मारी पात हा सराईत नट नव्हता. त्याला संवाद पाठ व्हायचे नाहीत. तेव्हा कॅमेऱ्याबाहेर फलकांवर वाक्यं लिहून ठेवली, ती वाचत तो बोलायचा. परिणाम असा झाला की हा बुटका, अवघडलेला तरुण राजा समोरच्या माणसाच्या डोळ्यांत कधी बघतच नाही. त्याची नजर सतत पलीकडे कुठेतरी. घाबरलेला मुलगा राजेपण शिकतोय असं वाटतं, आणि इतिहास तरी दुसरं काय सांगतो? माझारँ गेल्यावर तेवीसाव्या वर्षाच्या आतल्या या पोरानं आईला राजसभेतून दूर केलं, फुकेसारख्या बलदंड अर्थमंत्र्याला अटक करवली, आणि मग तलवारीपेक्षा प्रभावी हत्यार उचललं ते शिंप्याचं. चित्रपटात तो शिंप्याला बोलावून पोशाख कसा हवा ते सांगतो. झालर, फिती, खांद्यापर्यंत केसांचा टोप. दरबारात वावरायचं तर हेच घालावं लागेल. सरदारांनी आपलं उत्पन्न कपड्यांत उधळावं, राजाच्या मेहरबानीवर जगावं, बंड करण्याइतका पैसा आणि वेळ त्यांच्यापाशी उरूच नये.

त्यानंतरचा जेवणाचा प्रसंग तर मी वर्गात शिकवायला घ्यावा इतका भरगच्च आहे. आधी मुदपाकखाना दिसतो. ताटं सजतात, मिरवणुकीनं महालातून निघतात. राजा एकटा बसून जेवतो आणि दरबार उभा राहून बघतो. कुठल्या पदार्थानंतर कुठला, पेय कसं मागवायचं, कोण किती अंतरावर उभं राहायचं, सगळं बांधलेलं. कुणीही आपल्याला सांगत नाही की हे सत्तेचं नाटक आहे. पण आपल्याला ते कळतं, कारण आपण ताटामागून ताट जाताना पाहिलेलं असतं. अनियंत्रित राजेशाहीवरचं प्रकरण मी फळ्यासमोर इतकं नीट कधी मांडू शकले नाही.

पास्कलवरचा चित्रपट (1972) मला त्याहून जवळचा. ब्लेझ पास्कलचे वडील फ्रान्समधल्या रुआँ शहरात करवसुलीचं काम बघायचे. आकडेमोड करून दमलेल्या वडिलांसाठी मुलानं दातेरी चाकांचं बेरीज करणारं यंत्र बनवलं. चित्रपटात ते यंत्र मांडून, फिरवून, समजावून दाखवलं आहे. तो भाग मी नववीच्या वर्गाला दाखवला तेव्हा एक मुलगा उठून म्हणाला, “म्हणजे हातचा ते स्वतःच घेतं?” अगदी हेच तर त्या यंत्राचं मर्म होतं. एका चाकानं पूर्ण फेरा घेतला की शेजारचं चाक एक घर पुढे सरकतं. त्या मुलाला फ्रेंच येत नव्हतं, सतराव्या शतकाचा त्यानं कधी विचार केला नव्हता. त्याला हातचा माहीत होता, तेवढ्यावर तो थेट पास्कलच्या टेबलापाशी जाऊन उभा राहिला.

याच चित्रपटात चेटकिणीचा खटला आहे. घरकाम करणारी एक साधी बाई, तिच्यावर सैतानाशी संगनमत केल्याचा आरोप, विद्वान न्यायाधीश, रीतसर प्रश्नोत्तरं. न्यायाधीश दुष्ट नाहीत. सभ्य, सुशिक्षित, धर्मभीरू माणसं आहेत आणि हाताशी असलेल्या सर्व पुराव्यांनिशी ते एका निरपराध बाईला संपवतात. त्याच शहरात, त्याच माणसांच्या ओळखीत एक तरुण हवेच्या दाबाचे प्रयोग करतो आहे, पाऱ्याच्या नळीत वर उरलेली जागा खरोखर रिकामी असते का यावर देकार्तशी वाद घालतो आहे. आपण शाळेत ‘अंधारयुग संपलं, विज्ञानयुग आलं’ असं एका ओळीत सांगून मोकळे होतो. रोसेलिनी दोन्ही युगं एकाच खोलीत बसवतो. मला वाटतं, लोकशिक्षण म्हणून त्यानं जे काही केलं त्यात हे सर्वांत मोलाचं. आपल्याला आज जे उघड दिसतं ते त्या माणसांना का दिसत नव्हतं, हे समजल्यावर बघणारा स्वतःच्या काळाकडेही जरा थबकून बघतो.

त्याच्या प्रेरणास्थानांत सतराव्या शतकातला मोराव्हियाचा शिक्षणतज्ज्ञ कोमेनिअस होता. 1658 मध्ये कोमेनिअसनं मुलांसाठी चित्रांचं पाठ्यपुस्तक छापलं. पानावर बेकरी, लोहारशाळा, छापखाना यांची चित्रं, चित्रातल्या प्रत्येक वस्तूला आकडा आणि त्या आकड्यासमोर तिचं नाव. आधी वस्तू बघ, मग शब्द घे. रोसेलिनीला दूरचित्रवाणीत ते पुस्तक हलतं-बोलतं झालेलं दिसत होतं.

इथे आपल्या दादासाहेब फाळक्यांची आठवण येणं अपरिहार्य आहे. ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी, भांडवल देणाऱ्याची खात्री पटावी म्हणून, त्यांनी कुंडीतला वाटाणा रुजून त्याचा वेल होईपर्यंत रोज थोडं थोडं चित्रण केलं होतं. म्हणजे आपल्या सिनेमाचं पहिलं पाऊल पडलं ते एका विज्ञानाच्या धड्यावर. पुढे आपण तो धडा सोडून देवादिकांच्या मागे गेलो, हा भाग वेगळा. पण रोजच्या रोज कुंडीसमोर कॅमेरा घेऊन बसलेला तो माणूस आणि राजाच्या ताटांची मिरवणूक शेवटपर्यंत दाखवणारा रोसेलिनी, दोघांची चिकाटी मला एकाच जातीची वाटते.

रोसेलिनीचं सगळंच साधलं असं मी म्हणणार नाही. सॉक्रेटिस आणि ऑगस्टिन बघताना पात्रं एका जागी उभी राहून निबंध म्हणताहेत असं पुष्कळदा वाटतं. देकार्त तर मी दोन बैठकांत कसाबसा पुरा केला. त्याहून मोठी खंत अशी की त्याच्या या विश्वकोशात नायक बहुतेक सगळे युरोपातले थोर पुरुष. हिराकूडच्या कामगाराला मध्यभागी उभा करणारा माणूस पुढे तत्त्वज्ञ आणि सावकारांच्या दिवाणखान्यात रमला. चेटकीण म्हणून बळी जाणारी बाई त्याच्याकडे एका प्रसंगापुरती येते. तिचा दिवस कसा जायचा, तिला पगार किती मिळायचा, तिला वाचता यायचं का, हे त्यानंच दाखवायला हवं होतं. कारण ते दाखवायची पद्धत त्याच्याइतकी कुणाला जमली नव्हती.

आयुष्याच्या शेवटीही तो शिकवण्याच्याच उद्योगात होता. ह्यूस्टनच्या राइस विद्यापीठातल्या शास्त्रज्ञांना भेटून विज्ञानावर मोठी मालिका करायची योजना त्यानं आखली, ती पुरी झाली नाही. 1971 मध्ये चिलीला जाऊन तिथले राष्ट्राध्यक्ष साल्वादोर आयेंदे यांची मुलाखत घेतली. इटलीत ती दाखवली गेली तेव्हा आयेंदे हयात नव्हते. 1977 च्या मे महिन्यात तो फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाच्या परीक्षक मंडळाचा अध्यक्ष होता. त्या वर्षीचं सर्वोच्च पारितोषिक ताव्हियानी बंधूंच्या ज्या चित्रपटाला मिळालं तो मुळात ‘राय’साठी, म्हणजे दूरचित्रवाणीसाठी बनलेला होता. त्याची गोष्ट आहे सार्डिनियातल्या एका मेंढपाळ मुलाची. बाप त्याला शाळेतून उचलून रानात नेतो, तो निरक्षरच वाढतो, सैन्यात गेल्यावर शिकतो आणि पुढे भाषाशास्त्रज्ञ होतो. ही खरी गोष्ट आहे. तिला पारितोषिक देऊन रोसेलिनी रोमला परतला आणि थोड्याच दिवसांत, 3 जूनला, हृदयविकारानं गेला. तेव्हा कार्ल मार्क्सवरच्या चित्रपटाची तयारी चालू होती. इटलीतली सरकारी मक्तेदारीही नुकतीच मोडली होती आणि खासगी वाहिन्यांचा लोंढा यायला लागला होता. ज्या दूरचित्रवाणीवर त्याची श्रद्धा होती, तिचे दिवसही भरत आले होते.

आपली दूरचित्रवाणी जन्मली तीही शाळा म्हणूनच. 15 सप्टेंबर 1959 रोजी दिल्लीत प्रायोगिक प्रक्षेपण सुरू झालं ते लोकशिक्षणाच्या उद्देशानं. 1 ऑगस्ट 1975 पासून वर्षभर, अमेरिकेनं दिलेल्या उपग्रहाच्या मदतीनं, सहा राज्यांतल्या सुमारे 2400 खेड्यांत शेती, आरोग्य आणि शालेय विज्ञानाचे कार्यक्रम पोचवले गेले. मुंबई दूरदर्शनच्या ‘ज्ञानदीप’भोवती गावोगावी मंडळं उभी राहिली होती. पुण्याची ‘बालचित्रवाणी’ कित्येक वर्षं मुलांसाठी कार्यक्रम बनवत राहिली आणि 2017 मध्ये बंद झाली. ती बंद झाली तेव्हा फार कुणी हळहळलं नाही, याचं मला अजून दुःख आहे. आणि श्याम बेनेगल होते. ‘अंकुर’च्या आधी ते शिष्यवृत्तीवर अमेरिकेत जाऊन मुलांच्या दूरचित्रवाणीचं काम बघून आले होते. चित्रपटात नाव झाल्यावर त्यांनी नेहरूंच्या ग्रंथावर 53 भागांची ‘भारत एक खोज’ केली. तो मूळ ग्रंथ लिहिला गेला आपल्या अहमदनगरच्या किल्ल्यातल्या बंदिवासात. रविवारच्या सकाळी लोक पौराणिक मालिकांसाठी पडद्यासमोर हात जोडून बसत होते, त्याच काळात हा माणूस त्याच पडद्यावर, इतिहासाकडे प्रश्न विचारत बघा, असं सांगत होता.

आता इतिहासाच्या नावाखाली जे दिसतं त्यात घोडे फार, तलवारी फार, आणि संगीत तर इतकं की कोण काय बोललं ते ऐकू येऊ नये. निवेदक दर दोन मिनिटांनी रहस्य उलगडण्याचं वचन देतो. बघणाऱ्याला कंटाळा येईल ही भीती त्यामागे आहे. रोसेलिनीला ती भीती नव्हती. समोरचा माणूस समजूतदार आहे, त्याला नीट दाखवलं तर तो बघेल, एवढं धरून तो चालायचा. माझ्या वर्गातला तो हातच्याचा मुलगा आठवला की मलाही तसंच धरून चालावंसं वाटतं.

कुणी तरुण दिग्दर्शक किंवा दिग्दर्शिका हे वाचत असेल तर माझी मागणी लिहून घ्यावी. मला 1832 सालच्या मुंबईत ‘दर्पण’चा अंक छापताना बघायचा आहे. बाळशास्त्री जांभेकरांचं एकही भाषण नको. खिळे कसे जुळवले, मराठी आणि इंग्रजी स्तंभ शेजारीशेजारी कसे बसवले, शाई कशाची, कागद कुठला, अंक कुणाच्या हातात पडला आणि त्यानं तो कुठे बसून वाचला, एवढं दाखवा. मला कुलकर्ण्याच्या दप्तरात बोरूनं मोडी लिहिली जाताना बघायची आहे, आणि त्या वळणदार ओळींतून एका कुणब्याची जमीन कशी सरकत गेली तेही. मला लक्ष्मणराव किर्लोस्करांचा लोखंडी नांगर बघायचा आहे, आणि लोखंडानं जमीन नासते असं मनापासून मानणारे शेतकरीसुद्धा, पास्कलच्या न्यायाधीशांइतक्याच आदरानं दाखवलेले. आणि 1848 ची भिडे वाड्यातली शाळा. सावित्रीबाईंच्या डोक्यामागे तेजोवलय नको. त्या वर्गात पाटी होती की धुळाक्षरं, फळा कसला, पहिल्या दिवशी कुठलं अक्षर काढलं, मुली बसल्या कशा, दुपारी घरी जेवायला गेल्या तर परत आल्या का, पुस्तक एकच असेल तर ते कुणाच्या हातात होतं. पन्नास मिनिटं नुसता तो एक दिवस दाखवा. वर्गात लावायची जबाबदारी माझी.